घरमालकिणीची नात

गुंगालिन, ७ जानेवारी २०२४

यतिन,

ईमेल लिहितेय, कारण फोनवर निम्मं तू गिळतोस आणि उरलेलं बिसाऊचं नेटवर्क गिळतं. शिवाय लिहिलेलं असलं की "मी असं कधी म्हटलं, ताई?" म्हणायची तुझी सोय राहत नाही.

आधी आईचा पंच्याहत्तरावा वाढदिवस. तू येणार म्हणून तिनं केक दोन दिवस पुढे ढकलायला लावला. हृषिकेशनं, माझ्या बिचाऱ्या नवऱ्यानं, तुझ्यासाठी स्टडीत गादी टाकली होती. आणि तुझा मेसेज काय, तर "सीझनमुळे जमत नाही." डिसेंबरात कुठला रे सीझन? काजू एप्रिलमध्ये बाजारात येतो, हे अकरा वर्षं तूच मला सांगतोयस! "त्याचं तिकडे बस्तान आहे, त्याला कसं जमणार," एवढंच आई म्हणाली आणि तुझ्या वाटणीचा केक फ्रिजमध्ये ठेवला. वीस मार्चला तिचं ठाण्याला परतायचं तिकीट आहे. तिनं तुझ्यासाठी एक स्थळ काढून ठेवलंय, तेही सांगून ठेवते. मुलग्याला चव्वेचाळीस म्हणजे काही फार नाही म्हणे.

इथे माझं डोकं वेगळ्याच गोष्टीनं फिरलंय. फेब्रुवारीत शहराच्या मध्यभागी, सिव्हिकमध्ये, मल्टिकल्चरल फेस्टिवल असतो, तुला माहीत आहे. यंदा आपल्या सगळ्या मंडळांनी मिळून एकाच 'इंडिया' बॅनरमागे चालायचं ठरवलं. ठरवताना सगळे भाई-भाई, पण पुढे कोण चालणार यावर तीन मीटिंगा झाल्या. पंजाब्यांना भांगडा पुढे हवा, गुजरात्यांना गरबा, तेलुगू लोक यादी घेऊनच आले होते. आपले पद्माकरकाका म्हणाले, लेझीम पुढे नसेल तर महाराष्ट्र मंडळ येणारच नाही. मंडळात माणसं किती, तर साठ, आणि त्यातली वीस मेलबर्नला गेलेली.

चौदा मुलींच्या नऊवाऱ्या मी शिवतेय, इलॅस्टिकवाल्या. पंधरावी उर्वीची होती. ती नाही म्हणते. मी म्हटलं, अगं, लोकांना कळायला नको का आपण कोण आहोत? तर म्हणाली, "मम, आय ॲम नॉट अ फ्लॅग." एवढंच बोलून दार लावून घेतलं. पंधरा वर्षांची पोर!

तुझ्याकडे तर म्हणे वीस-पंचवीस जमाती आणि सगळ्यांचा मिळून एक कार्निव्हल. ते लोक मारामाऱ्या न करता कसे चालतात, जरा लिही.

नीलिमाताई

---

बिसाऊ, १२ जानेवारी

प्रिय ताई,

चुकलो. आईला सांग, चुकलो. स्थळ मात्र नको. खरंच नको.

कार्निव्हलमध्ये मारामाऱ्या होतात गं, का नाही होत! पण त्या बक्षिसावरून. दर वर्षी हरलेला मोहल्ला म्हणतो, परीक्षक विकले गेले. पुढे कोण यावरून मात्र भांडण नाही, कारण एकामागून एक सगळेच येतात आणि मोठ्या रस्त्यावर दिवसभर चालतात. बिजागो बेटांवरून पोरं येतात, ती डोक्यावर बैलाचं लाकडी मुंडकं चढवून चक्क बैलासारखी ढुशा देत नाचतात. बालांता येतात, फुला येतात, मांदिंगा येतात, मांजाकू येतात. मांजाकूंचं हातमागाचं जाड कापड असतं, त्याला इथे पानु म्हणतात. जन्माला, लग्नाला, मयताला, सगळ्याला तेच लागतं. शिवाय कागदाच्या लगद्याचे मुखवटे, माणसाएवढे. सिमेंटच्या रिकाम्या पिशव्या भिजवून करतात. चिकणमातीच्या साच्यावर थर देत बसलेले म्हातारे बघितले की मला पेणच्या कारखान्याची आठवण येते.

आणि गंमत अशी की एरवी इथला माणूस तू कोण विचारलंस तर पटकन "गिनीचा" म्हणतो. जमात दुसऱ्या प्रश्नाला सांगतो. पण कार्निव्हलच्या दिवशी मात्र देश दाखवायचा म्हणजे आपापलं घर दाखवायचं. स्वातंत्र्य मिळून पन्नासच वर्षं झालीत, या लोकांना अजून त्याचं अप्रूप आहे. बॅनर एकच असतो, पण त्याच्याखाली कुणी कुणाला झाकत नाही. हे माझं मत हं, बाकी मी काजू कापून आतला गर बघणारा माणूस.

एक काम होतं. लहान मुलीची नऊवारी शिवशील का? सहा वर्षांची आहे. उंची एकशे चौदा, कंबर बावन्न. आमच्या घरमालकिणीची नात. पहिल्या दिवशी पोरांची मिरवणूक असते, शाळेतून. तिला यंदा इंडियाचं काहीतरी घालायचंय. हिरवी असली तर बरं. कुरियरचे पैसे मी देतो, फक्त वीस तारखेच्या आत पाठव.

उर्वीवर रागावू नकोस. तिचं वाक्य मी इथे दोघांना सांगितलं, दोघांनाही पटलं.

यतिन

---

गुंगालिन, १५ जानेवारी

यतिन,

माप मिळालं. नऊवारी पाठवणार नाही.

रागावू नकोस, मी नीट सांगते. काल रविवारी दुपारी मी उर्वीची नऊवारी तिच्यासमोर धरली, म्हटलं एकदा अंगाला लावून तरी बघ. तिनं बघितलंही नाही. हिरवीच आहे ती, पोपटी काठाची, आईनं ठाण्याहून आणलेलं कापड. आई बाजूला बसून काजे करत होती, तिच्यासमोर हे झालं. त्यानंतर मी तुझा ईमेल उघडला.

माझ्या पोटची पोर जे वस्त्र नको म्हणते, ते कुणा घरमालकिणीच्या नातीनं मजा म्हणून गुंडाळून रस्त्यात नाचावं, हे मला नाही रे झेपत. तिच्यासाठी ते सोंगच ना? आज इंडियाची बाई, उद्या बैल. इथे ऑफिसात एकीनं हॅलोवीनला टिकली लावून साडी नेसली होती, तेव्हा मी हसले आणि घरी येऊन रडले. तुला ते कळणार नाही, तू पुरुष. लुगडं म्हणजे मुखवटा नाही, की आला कार्निव्हल, चढवला, गेला कार्निव्हल, फेकला.

आणि तूच लिहिलंयस ना, तिथे ज्यानं त्यानं आपापलं घर दाखवायचं? मग त्या पोरीनं तिचं दाखवावं. आपलं आपल्या पोरींना राहू दे. एवढी हौस असेल तर ये, लग्न कर, तुझ्या मुलीला दहा शिवून देते.

आई विचारतेय, स्थळाचा फोटो पाठवू का?

नीलिमाताई

---

गुंगालिन, २ फेब्रुवारी

यतिन,

अठरा दिवस झाले. दोन मिस्ड कॉल माझे, चार आईचे. मेसेजवर निळी खूण दिसतेय, म्हणजे जिवंत आहेस.

एका नऊवारीवरून रुसलास का? एवढं काय रे त्यात? बाजारात मिळतात तिथे भारतीय कपडे, सेनेगलहून येतात असं तूच म्हणाला होतास. घरमालकिणीला भाडं वाढवायला कारण मिळालं असेल तर सांग, मी सॉरी म्हणते.

आईनं आज सकाळी विचारलं, "त्याला मी काही बोलले का गं?" तिला काय सांगू ते मला लिही. बाकी काही लिहू नकोस हवं तर.

ताई

---

बिसाऊ, १२ फेब्रुवारी

ताई,

आज कार्निव्हलचा तिसरा दिवस. खिडकीबाहेर ढोल चाललाय, म्हणून कदाचित हे लिहायचं धाडस होतंय. सरळ लिहितो.

मी खोटं बोललो नव्हतो. ती घरमालकिणीची नातच आहे. घरमालकिणीची मुलगी दोमिंगाश ही माझी बायको. आठ वर्षं झाली. तिच्या गावी, तिच्या मामांसमोर, त्यांच्या रीतीनं लग्न झालं, मग कचेरीत कागद झाले. ती मांजाकू आहे, प्राथमिक शाळेत शिकवते, माझ्यापेक्षा सहा वर्षांनी लहान आहे आणि माझ्यापेक्षा शहाणी आहे. मुलीचं नाव मयूरा. ते मी ठेवलं. शाळेत तिला सगळे माया म्हणतात.

तुझं पत्र मी दोमिंगाशला वाचून दाखवलं नाही. 'सोंग' या शब्दाला इथल्या क्रियोल भाषेत काय म्हणायचं ते मला माहीत आहे, पण मी सांगितलं नाही.

तुला कळावं म्हणून लिहितो. शाळेत बाईंनी सांगितलं, आपल्या लोकांचं घालून या. मयूरानं मला विचारलं, माझे लोक कोण? मी म्हटलं, दोन्ही. ती म्हणाली, मग गेल्या वर्षी आईकडचं झालं, यंदा तुझ्याकडचं. इतका सरळ हिशेब. मी तुला लिहिलं. वाटलं, शिवताना ताईच्या हातून ती एकदा जाईल, मग हळूहळू सांगू. तुझं उत्तर आलं. मयूराला मी सांगितलं, पोस्टात अडकली. ती रोज विचारायची, आज सुटली का?

शेवटी दोमिंगाशनं तिच्या आजीच्या पेटीतले दोन पानु काढून दिले, निळे-पांढरे, आणि म्हणाली, यातून कर काय करायचं ते. मी व्हिडिओ बघून नेसवायला बसलो. ताई, काष्टा म्हणजे काय भानगड आहे गं! ते कापड सतरंजीएवढं जाड. तीन तास आम्ही तिघं त्याच्याशी झुंजत होतो. घरमालकीण दारात उभी राहून हसत होती.

शनिवारी मिरवणुकीत अर्ध्या रस्त्यात काष्टा सुटला. मी कडेनं धावत होतो, मला पुढे जाऊ देईनात. मयूरा थांबली. मागची रांग थांबली. तिनं कापड गोळा केलं, कमरेत कसंबसं खोचलं आणि परत चालायला लागली. बाजूच्या बायका ओरडल्या, "इंदियाना! इंदियाना!" कौतुकानंच हं. तर ती वळली आणि त्यांच्यावर खेकसली, "मी इथलीच आहे. हे बाबांनी नेसवलंय."

मी तिथे फुटपाथवर बसून रडलो. एका अनोळखी माणसानं मला पाणी दिलं.

आता तू विचारशील, सांगितलं का नाहीस. पहिल्या वर्षी आईचं ऑपरेशन होतं. मग बाबा गेले. मग मयूरा झाली आणि वाटलं आता फोटोच पाठवू, म्हणजे बोलावं लागणार नाही. मग ती एक वर्षाची झाली आणि एक वर्ष का लपवलं हे सांगणं जड झालं. मग दोन. दर वर्षी जड होत गेलं. मी तुमच्यासाठी थांबलो असं म्हणणार नाही. मी घाबरलो. आई 'नाही' म्हणाली तर मयूराला काय सांगू, याला घाबरलो. वाढदिवसाला आलो नाही, कारण दोमिंगाश म्हणाली, एकटा जाणार असशील तर या वेळी परत येऊ नकोस. ती एवढी एकदाच चिडली.

आईला सांगायचं की नाही, तू ठरव.

यतिन

---

गुंगालिन, १९ फेब्रुवारी

यतिन,

तुझा ईमेल मी ऑफिसला जाताना ट्राममध्ये वाचला. शेवटच्या स्टॉपला सगळे उतरले, मी बसूनच. ड्रायव्हर येऊन म्हणाला, "यू राइट, लव्ह?" मी म्हटलं, मला भाची आहे. तो म्हणाला, कॉन्ग्रॅट्स. त्याला वाटलं आज झाली.

आधी शिव्या. नालायका. आठ वर्षं! बाबांच्या तेराव्याला तू माझ्याशेजारी बसून भात कालवलास, तेव्हा तुझी बायको गरोदर असणार, मी हिशेब केला, आणि तू मला "ताई, वाढ ना" म्हणालास. मी दरवर्षी तुला राखी पाठवते, तीनशे रुपयांत येते तसली. तिथे एक पोर बघत असेल, ही कोण पाठवते? तिला काय सांगायचास? की तेही अर्धंच?

आता माझं. मी 'सोंग' लिहिलं. ते पुसता येत नाही, ईमेलच्या नावानं मीच टेंभा मिरवला होता ना, लिहिलेलं राहतं म्हणून. उर्वीला मी सगळं सांगितलं. मला वाटलं ती खूश होईल, कझिन मिळाली. ती म्हणाली, "मम, शी इज सिक्स. अँड यू सेड इट्स अ कॉस्च्यूम." मी किचनमध्ये जाऊन नळ सोडला आणि उभी राहिले. मला खरंच वाटत होतं रे, मी काहीतरी जपतेय.

परवा आमची परेड झाली. लेझीम रांगेत तिसऱ्या नंबरवर होती, पद्माकरकाका शेवटी आले, फेटा बांधूनच आले. चौदा मुली छान नाचल्या. उर्वी नाहीच नेसली. जीन्समध्ये पाण्याच्या बाटल्या घेऊन रांगेच्या कडेनं चालली. आमच्या पुढे टोंगाचे लोक होते, मागे पोलंडचे. बॅनरवर 'इंडिया' लिहिलं होतं, आणि मला सारखं वाटत होतं, यात कोण मावतं ते मी कधी विचारलंच नाही. मावणारे मीच ठरवत होते. इथे मला कुणी "वेअर आर यू रिअली फ्रॉम" विचारलं की माझं डोकं तडकतं, आणि एका सहा वर्षांच्या पोरीला मी तेच विचारून बसले, तेही हजारो मैलांवरून.

आता आई. ठरवायचं काम माझ्यावर ढकललंस, तेही तुझ्या स्वभावाला धरूनच. इतके दिवस मी धीर गोळा करत होते. आज दुपारी ती मेथी निवडत होती, मी समोर बसले आणि सगळं सांगितलं. काही गाळलं नाही, माझं 'सोंग'सुद्धा. तिनं मेथी पूर्ण निवडली. मग विचारलं, "मयूरा नाव कुणी ठेवलं?" मी म्हटलं, त्यानंच. ती उठून खोलीत गेली. जेवायला आली नाही. उर्वी ताट घेऊन गेली, तासाभरानं रिकामं घेऊन आली. कुणी खाल्लं ते मी विचारलं नाही.

पुढे काय होईल मला माहीत नाही, यतिन. मी तिला ओळखते आणि नाहीही ओळखत. ती बोलली की कळवते. दोमिंगाशला काय म्हणू? वहिनी म्हणायला ती लहान पडते. नावानंच हाक मारते. तिला सांग, मी चुकले, आणि हे पूर्ण सांग.

ताई

---

गुंगालिन, २४ फेब्रुवारी

यतिन, हे आईचं. ती सांगते तसं टाइप करतेय. "मध्ये तुझं शहाणपण घालायचं नाही," अशी ताकीद आहे. ताई.

यतिन,

पाच दिवस मी कुणाशी बोलले नाही. नीलिमाला वाटलं मी जातीवरून रुसून बसलेय, धर्मावरून बसलेय, रंगावरून बसलेय. थोडी बसले होते. खोटं कशाला बोलू? मी साध्या घरातली बाई, माझ्या डोक्यात तुझी बायको म्हटल्यावर एक चेहरा होता, तो पुसायला मला वेळ लागणार. दोमिंगाशला सून म्हणायला अजून जीभ वळत नाही. वळेल. वळवीन.

पण माझा राग तो नाही. नीलिमानं तुझं पत्र मला दोनदा वाचून दाखवलं. आई नाही म्हणेल म्हणून तू घाबरलास. बरोबर ओळखलंस. मी नाहीच म्हटलं असतं. पहिलं वर्ष तुझं तोंड बघितलं नसतं. ठाण्यात सगळ्यांना सांगितलं असतं, मला मुलगा नाही. दुसऱ्या वर्षी नीलिमाकडून चोरून फोटो मागवला असता. तिसऱ्या वर्षी म्हटलं असतं, माझं गुडघ्याचं दुखणं विमानात चालेल का ते डॉक्टरला विचारा. मला मी माहीत आहे. तुझ्या बाबांशी लग्न केलं तेव्हाही माझ्या आईनं मला तीन वर्षं घरात घेतलं नव्हतं, आणि चौथ्या वर्षी तूप घेऊन ती स्वतः आली होती. आमच्याकडे एवढाच वेळ लागतो.

म्हणजे तू वेळेवर सांगितलं असतंस, तर तुझी पोर बोबडं बोलत होती तेव्हापासून मी तिची आजी असते. तिचे दात पडलेले मी बघितले असते. तिचा काष्टा मी घातला असता, रस्त्यात सुटला नसता. तू माझ्या रागाला घाबरलास आणि माझा राग संपल्यानंतरची वर्षं घालवलीस. ती माझी होती, यतिन. मी पंच्याहत्तरची आहे. माझ्याकडे फार उरली नाहीत, आणि त्यातली तू न विचारता घेतलीस. याबद्दल मी तुला अजून माफ केलेलं नाही.

स्थळवाल्यांना मी कळवलं, मुलाचं झालंय.

उद्या रविवार. तुझ्याकडे सकाळ होईल तेव्हा फोन लाव आणि पोरीच्या हातात दे. तिला मराठी येत नसणार, मला तिची भाषा येत नाही, म्हणून तू मध्ये बसून सांगायला बघशील. तू बसायचं नाहीस. आमचं आम्ही बघू. तू खोलीच्या बाहेर जा आणि दार ओढून घे.

आई